सरहद्दीवरची मध्ययुगीन लढाई घरबसल्या अभ्यासायची कशी : लास नावास दे तोलोसा, १२१२

कुठलीही जुनी लढाई वाचायला घेतली की आपण थेट त्या दिवसावर उडी मारतो. कोण कुठे उभा होता, पहिला हल्ला कोणी केला, किती पडले, झालं. त्यात एका बाजूला ख्रिश्चन आणि दुसऱ्या बाजूला मुस्लिम असले की मग विचारायलाच नको, दोन रंग आधीच ठरलेले असतात आणि आपण फक्त नकाशावर बाण काढत बसतो. माझं सांगणं एकच आहे, लढाईच्या दिवसापर्यंत सगळ्यात शेवटी पोचा. आधी डोंगर, मग किल्ले, मग माणसं आणि त्यांची आपसातली भांडणं, मग दाणापाणी, मग साक्षीदार, आणि हे सगळं वहीत उतरलं की मगच तो दिवस.

इथे उदाहरण घेतोय स्पेनमधल्या लास नावास दे तोलोसाच्या लढाईचं, सोमवार १६ जुलै १२१२. एका बाजूला कास्तिलचा राजा आल्फोन्सो आठवा, त्याच्यासोबत आरागॉनचा पेद्रो दुसरा आणि नावाराचा सांचो सातवा, आणि समोर अलमोहाद या बर्बर मुस्लिम घराण्याचा खलिफा मुहम्मद अल-नासिर, ज्याचं राज्य मोरोक्कोपासून दक्षिण स्पेनपर्यंत पसरलेलं होतं. ही लढाई निवडायचं कारण म्हणजे हिच्याबद्दल दोन्ही बाजूंचं लिखाण शिल्लक आहे, त्यातलं काही तर प्रत्यक्ष हजर असलेल्या माणसांचं, आणि मैदानाची जागाही बऱ्यापैकी पक्की आहे. शोधताना एक लक्षात ठेवा, अरबी साधनांत हीच लढाई अल-इकाब नावाने येते, त्यामुळे दोन्ही नावांनी शोधा नाहीतर अर्धा मजकूर हातातून सुटेल. साहित्य म्हणाल तर एक वही, डोंगर-दऱ्या दिसतील असा नकाशा (गूगल मॅपचा टेरेन लेयर पुरतो, गूगल अर्थ असेल तर उत्तम) आणि मूळ साधनांची इंग्रजी किंवा स्पॅनिश भाषांतरं, स्पॅनिश येत नसेल तर ऑनलाइन भाषांतराने काम भागतं.

सुरुवात नकाशाने करा आणि त्यावरच्या देशांच्या, राज्यांच्या रेषा बंद करा. मधोमध मोठं पठार दिसेल, त्याच्या दक्षिणेला पूर्व-पश्चिम आडवी पसरलेली सिएरा मोरेना नावाची डोंगररांग, आणि त्या रांगेच्या खाली ग्वादलकिवीर नदीचं खोरं, म्हणजे कोर्दोबा, हाएन, सेव्हिल ही सगळी संपन्न शहरं. उत्तरेचा राजा पठारावर, दक्षिणेचा खलिफा खोऱ्यात आणि मधे डोंगर. आता स्वतःलाच विचारा की हजारो घोडी आणि खेचरं घेऊन इथून पलीकडे कुठून जाता येईल. बोटावर मोजण्याएवढे घाट सापडतील. आज जो मोठा हायवे देस्पेन्यापेर्रोस नावाच्या खिंडीतून जातो तो बघून फसू नका, तो रस्ता अठराव्या शतकात काढलेला आहे, १२१२ मध्ये वाहतूक पश्चिमेकडच्या मुरादाल घाटातून व्हायची. आणि दुसरी फसगत म्हणजे नकाशात नुसतं लास नावास दे तोलोसा टाकलं की ला कारोलिना शहराजवळचं एक खेडं येतं, तेही अठराव्या शतकात वसवलेलं. खरं मैदान तिथून उत्तरेला, सांता एलेना गाव आणि मिरांदा देल रेय नावाची वाडी यांच्या आसपास आहे. खूण तिथे करा. हे एकदा नीट झालं की पुढचं निम्मं काम सोपं होतं, आणि खरं सांगू का, बहुतेक लोक हेच करत नाहीत आणि मग पुस्तकातला नकाशा बघून डोकं खाजवत बसतात.

नंतर किल्ले. सरहद्द म्हटलं की आपल्या डोळ्यासमोर एक रेष येते, पण त्या काळात सरहद्द म्हणजे पट्टा असायचा, कित्येक कोस रुंद, ज्यात वस्ती विरळ, गुरं भरपूर, आणि दर उन्हाळ्यात इकडून तिकडे आणि तिकडून इकडे लुटीच्या धाडी. तो पट्टा किल्ल्यांनी धरलेला. म्हणून वहीत एक तक्ता आखा, डावीकडे किल्ल्याचं नाव आणि पुढे कुठल्या साली कोणाकडे. काळात्रावा घ्या, ग्वादियाना नदीकाठचा. ११४७ मध्ये कास्तिलकडे आला, आधी टेम्पलर या लढवय्या साधूंच्या पंथाकडे दिला पण त्यांना तो झेपला नाही, मग ११५८ मध्ये काही साधूंनी राखायची जबाबदारी घेतली आणि त्यातून काळात्रावाचा लष्करी पंथ, म्हणजे शपथ घेतलेल्या लढवय्या साधूंची संघटना, उभा राहिला. ११९५ मध्ये गेला. त्याच साली त्याच नदीवरच्या आलार्कोसला आल्फोन्सोचा दणदणीत पराभव झाला होता, त्यानंतर हा सगळा पट्टाच अलमोहादांच्या हाती गेला. मग ११९८ मध्ये काळात्रावा पंथाच्या लोकांनी थेट शत्रूच्या मुलखात घुसून साल्वातिएरा हा किल्ला घेतला आणि तेरा वर्षं तिथे ठाण मांडून बसले, आजूबाजूला सगळं अलमोहादांचं आणि मधे हा एकटा किल्ला. तक्ता भरत गेलात की १२११ च्या ओळीवर येऊन थांबाल, कारण त्या वर्षी अल-नासिर समुद्र ओलांडून मोठी फौज घेऊन आला आणि उन्हाळाभर वेढा घालून त्याने साल्वातिएरा घेतला. आता तुम्हाला १२१२ ची मोहीम का निघाली ते कोणी सांगायची गरज नाही, तक्ताच सांगतो. ११९७ पासून चालत आलेला तह १२१० ला संपला होता हेही त्याच पानावर कडेला लिहून ठेवा.

आता माणसं, आणि इथे मला जरा जास्त वेळ थांबायचंय कारण सगळी गडबड इथेच होते. दोन कॉलम करा, पण ख्रिश्चन आणि मुस्लिम असे नकोत. आले आणि आले नाहीत, असे करा. आले नाहीत मध्ये पहिलं नाव लेओनचा राजा आल्फोन्सो नववा. तोही ख्रिश्चन, कास्तिलचा शेजारी, नात्याने चुलतभाऊ आणि एकेकाळचा जावईसुद्धा, पण तो आला तर नाहीच, उलट कास्तिलचा राजा दक्षिणेत गुंतलाय हे बघून त्याने आपले जुने किल्ले परत घ्यायला सुरुवात केली. पोपने आधीच बजावून ठेवलं होतं की या काळात कास्तिलवर कोणी चाल करेल तर बहिष्कृत करीन, तरीही. आले मध्ये सांचो सातवा आहे पण त्याच्यापुढे लिहा की याच सांचोचे काही वर्षांपूर्वी अलमोहादांशी बोलणे-चालणे होते आणि कास्तिलने त्याच्या राज्याचा मोठा तुकडा घशात घातला होता, तेव्हा तो आला ही साधी गोष्ट नाही. तो उशिरा आला, साधारण दोनशे घोडेस्वार घेऊन. आलार्कोसच्या वेळी तर पेद्रो फेर्नांदेझ दे कास्त्रो हा कास्तिलचा मोठा सरदार चक्क अलमोहादांच्या बाजूने होता.

मुस्लिम बाजूचंही हेच करा, तिथे तर लोक अजिबातच बघत नाहीत. अल-नासिरच्या फौजेत मोरोक्कोचे अलमोहाद, इतर बर्बर टोळ्या, अरब टोळ्या, स्वखुशीने जिहादला आलेले लोक आणि अल-अंदालुसचे म्हणजे स्थानिक स्पॅनिश मुस्लिम, असे वेगवेगळे गट होते आणि त्यांचं आपसात फारसं पटत नव्हतं. स्थानिकांना हे मोरोक्कन राज्यकर्ते परके वाटायचे. त्यात काळात्रावाचा किल्लेदार इब्न कादिस हा अंदालुसी, त्याने जून १२१२ च्या अखेरीस किल्ला तहाने खाली केला आणि खलिफाकडे आला तर खलिफाने त्याला मारून टाकलं, वजीर इब्न जामी याचा त्यात हात होता असं अरबी लेखक सांगतात. हे लढाईच्या दोन-अडीच आठवडे आधी घडलंय. वहीत याच्याखाली रेघ ओढा, पुढे लागणार आहे.

आणि एक नाव असं आहे की ते लिहिल्याशिवाय पुढे जाऊ नका. आर्नो आमालरिक, नार्बोनचा आर्चबिशप. हा फ्रान्समधून आलेला, याआधी दक्षिण फ्रान्समधल्या काथार लोकांविरुद्धच्या (चर्चने पाखंडी ठरवलेला ख्रिश्चन पंथ) धर्मयुद्धात म्हणजे क्रूसेडमध्ये पोपचा प्रतिनिधी होता. तो आणि आरागॉनचा पेद्रो इथे एकाच बाजूने लढले. आणि पुढच्याच वर्षी, सप्टेंबर १२१३ मध्ये, हाच पेद्रो फ्रान्समध्ये म्यूरेला त्याच काथारविरोधी क्रूसेडच्या फौजेशी लढताना मारला गेला. म्हणजे ज्याने १२१२ मध्ये पोपच्या बाजूने एवढी मोठी लढाई मारली तोच चौदा महिन्यांत क्रूसेडरांच्या हातून गेला. दोन रंगांचा नकाशा घेऊन बसलात तर हे तुम्हाला कधीच कळणार नाही.

पुढचं काम हिशोबाचं, दाणापाणी. तारखा मांडा. फौज तोलेदोहून २० जूनला निघाली, २४ ला मालागोन घेतलं (तिथली शिबंदी कापून काढली), महिन्याच्या शेवटी काळात्रावा. तोलेदो ते मालागोन नकाशावर मोजा, नव्वद-शंभर किलोमीटर भरेल, म्हणजे रोजची चाल साधारण वीस-पंचवीस किलोमीटर. आता घोडी मोजा. समजा पाच हजार जनावरं धरली, स्वाराची घोडी, सामानाची खेचरं सगळं मिळून, तर उन्हाळ्यात एका घोड्याला दिवसाला तीस-चाळीस लिटर पाणी लागतं, म्हणजे रोजचं दीड-दोन लाख लिटर, आणि राबत्या जनावराला चार-पाच किलो धान्य धरलं तर रोजचं वीस-पंचवीस टन, माणसांचं वेगळं. जून-जुलैमधलं ते पठार म्हणजे भट्टी. हा हिशोब स्वतःच्या हाताने केला की कुठली फौज कुठे थांबली आणि का थांबली याची उत्तरं आपोआप दिसायला लागतात, सगळा मुक्काम नदी-ओढ्याला धरून पडलेला दिसतो. नदी ओलांडायच्या उथळ जागी अलमोहादांनी लोखंडी काटे टाकून ठेवले होते, घोड्यांच्या खुरांत शिरतील असे, हे तोलेदोचा आर्चबिशप रोद्रिगो नोंदवतो, जो स्वतः फौजेसोबत होता. म्हणजे शत्रूलाही पक्कं माहीत होतं की ही फौज पाण्यावर अडवायची.

काळात्रावाला एक मोठी गोष्ट झाली. पिरेनीज पर्वतापलीकडून, म्हणजे मुख्यतः फ्रान्समधून, क्रूसेडसाठी आलेले बहुतेक लोक तिथून चक्क घरी परतले. कारण दोन्ही बाजूंनी वेगवेगळं सांगितलं जातं, राजा आल्फोन्सो आपल्या पत्रात म्हणतो की त्यांना उन्हाचा त्रास होत होता, पण त्याचवेळी हेही खरं की किल्ल्यातल्या मुस्लिमांना तहाने जाऊ दिलं, लूट आणि कत्तल झाली नाही, आणि या पाहुण्यांना ते मान्य नव्हतं. सरहद्दीवर राहणाऱ्या राजाला माहीत असतं की आज तह पाळला तर उद्याचा किल्ला लढाईशिवाय उघडतो. दूरहून एका उन्हाळ्यासाठी आलेल्या माणसाला त्याचं काही नसतं. माझ्या मते या सगळ्या मोहिमेतली सरहद्द म्हणजे काय हे समजायची सगळ्यात चांगली जागा ही आहे, लढाईपेक्षाही. आर्नो आमालरिक आणि थोडे फ्रेंच स्वार मात्र थांबले.

इथे खलिफाच्या डोक्यात शिरायचा प्रयत्न करा. तो दक्षिणेला हाएनमध्ये बसून आहे, त्याला बातम्या मिळताहेत की समोरची फौज फुटतेय, धान्य कमी पडतंय. मग त्याने काय करावं? डोंगर ओलांडून जायची गरजच नाही. घाट अडवायचा आणि वाट बघायची, भूक त्याचं काम करेल. तेच त्याने केलं. १२-१३ जुलैला ख्रिश्चन फौज मुरादालला चढली, वरचं फेराल नावाचं ठाणं त्यांनी घेतलं, पण पुढची ला लोसाची अरुंद खिंड अलमोहादांनी अशी धरून ठेवली होती की मूठभर लोक हजारोंना रोखतील. मागे फिरावं तर सगळी मोहीमच मोडली असती, काही जण तेच म्हणत होते. आपल्याला शेवट माहीत असतो म्हणून हरलेला माणूस मूर्ख वाटतो, पण १३ जुलैच्या संध्याकाळी अल-नासिरचा बेत अगदी बरोबर चालला होता. हे वहीत लिहा.

आणि मग तो गुराखी. डोंगरातल्या एका माणसाने दुसरी वाट दाखवली, फौज पश्चिमेकडून वळसा घालून १४ जुलैला, शनिवारी, मेसा देल रेय नावाच्या सपाट माथ्यावर पोचली आणि अलमोहादांच्या समोर उभी राहिली. ही गोष्ट खरी मानायची का? इथे एक पद्धत वापरा, कुठल्याही लढाईला लागू पडते. गोष्टीतला एकेक तपशील सुटा करा आणि तो पहिल्यांदा कधी लिहिला गेला ते बघा. राजाच्या स्वतःच्या पत्रात, लढाईनंतर लगेच लिहिलेल्या, एक गावठी माणूस देवानेच पाठवला असं येतं. रोद्रिगोकडे येतं की तो साधा माणूस, पूर्वी या डोंगरात गुरं चारायचा आणि ससे धरायचा, आणि त्याच्यावर विश्वास न ठेवता दिएगो लोपेझ दे आरो आणि गार्सिया रोमेउ या दोघा सरदारांना आधी वाट बघायला पाठवलं. त्याचं नाव मार्तिन आल्हाखा होतं हे मागाहून आलेलं, आणि तो प्रत्यक्ष संत इसिद्रो होता हे तर श्रद्धेचं. म्हणजे वाट दाखवणारा माणूस आणि वाटेची खातरजमा हा जुना, भक्कम थर, नाव आणि संतपण हा वरचा थर. जुना थर ठेवा, वरचा वेगळ्या शाईने लिहा, फेकू मात्र नका कारण पुढच्या पिढ्यांनी या लढाईचं काय केलं ते त्यातून कळतं.

साक्षीदारांकडे येऊ. प्रत्येकासाठी एक पान ठेवा आणि मजकूर उतरवायच्या आधी वर लिहा, हा कोण, कुठे उभा होता, कधी लिहिलं, आणि कोणाला. शेवटचा प्रश्न सगळ्यात महत्त्वाचा. आल्फोन्सोचं पत्र पोप इनोसंट तिसरा याला आहे, राजाला दाखवायचंय की परके पळाले आणि स्पेनच्या राजांनी करून दाखवलं. आर्नो आमालरिकचं पत्रही आहे, त्याला अर्थातच थांबलेल्या फ्रेंचांची बाजू मांडायची. तोलेदोचा आर्चबिशप रोद्रिगो हिमेनेझ दे रादा राजाच्या शेजारीच होता, त्याचं वर्णन सगळ्यात भरलेलं आहे, पण त्याने आपला मोठा इतिहास पूर्ण केला १२४३ मध्ये, म्हणजे तीस वर्षांनी, आणि त्यात ऐन मोक्याच्या क्षणी राजा म्हणतो आर्चबिशप, तुम्ही आणि मी इथेच मरू, आणि आर्चबिशप त्याला धीर देतो. हा प्रसंग सुंदर आहे, खरा असूही शकतो, पण सांगणारा आणि त्यातला नायक एकच आहे हे शेजारी लिहून ठेवा.

अरबी बाजूचा अब्द अल-वाहिद अल-मर्राकुशी माझा विशेष आवडता. हा १२२४ च्या सुमाराला लिहितो आणि हरण्याचं कारण थेट हिशोबाच्या वहीत शोधतो. त्याचं म्हणणं असं की आधीच्या खलिफाच्या काळात सैनिकांना पगार ठरलेल्या वेळी मिळायचा, अल-नासिरच्या काळात तो लांबायला लागला, या मोहिमेत तर फारच, आणि लोक नाराज होऊन रणांगणात आले, काहींनी तलवारसुद्धा उपसली नाही. आणि तोच पुढे म्हणतो की खलिफा स्वतः मात्र त्या दिवशी शेवटपर्यंत खंबीर उभा होता. ख्रिश्चन साधनांत खलिफा घोडीवर बसून बाएझामार्गे हाएनला पळाला. दोन्ही एकाच वेळी खरं असू शकतं, माणूस बराच वेळ ठाम राहतो आणि मग निघतो. कोण कुठल्या क्षणावर थांबलाय ते बघा. चौदाव्या शतकातला रौद अल-किर्तास हा अरबी इतिहासही वाचा पण तो शंभरावर वर्षांनंतरचा आहे हे विसरू नका.

आकड्यांचं काय करायचं? आल्फोन्सो पोपला लिहितो की शत्रूचे एक लाख लोक मेले आणि आपले पंचवीस-तीस. रोद्रिगो शत्रूचे दोन लाखांच्या आसपास धरतो आणि आपले जेमतेम पंचवीस. आता याच लढाईतल्या जखमांनी सांतियागो या लष्करी पंथाचा प्रमुख पेद्रो आरियास गेला, मधल्या फळीत लष्करी पंथांची अक्षरशः चाळण झाली, तिथे पंचवीसचा आकडा बसेल का, तुम्हीच सांगा. पण आकडा खोटा म्हणून पान फाडू नका. त्या आकड्याचं काम मोजायचं नव्हतंच, देवाची कृपा दाखवायचं होतं. मोजायचं असेल तर छावणीची जागा, पाणी आणि खिंडीची रुंदी वापरा, जो हिशोब तुम्ही आधीच केलाय. आजचे अभ्यासक ख्रिश्चन फौज साधारण बारा हजारांच्या आसपास आणि अलमोहादांची त्याहून बरीच मोठी धरतात, मेसा देल रेयचा माथा नकाशावर बघितला की हे पटतं. रोद्रिगो सांगतो की जिंकल्यावर दोन दिवस छावणीत सरपण म्हणून फक्त शत्रूचे भाले आणि बाण जाळले तरी निम्मेसुद्धा संपले नाहीत. अतिशयोक्ती असेल, पण अलमोहाद बाणांवर किती भिस्त ठेवून होते हे त्यातून नक्की कळतं, आणि मैदानाच्या सर्वेक्षणात बाणांची लोखंडी टोकंही मोठ्या संख्येने मिळाली आहेत.

आता आलात त्या दिवसापर्यंत. त्याआधीचे दोन दिवस सोडू नका. शनिवारी आणि रविवारी अलमोहाद फौज रचून समोर उभी राहिली, लढायला बोलावत राहिली, आणि ख्रिश्चन छावणीतून बाहेर पडलेच नाहीत, फक्त बाजूला किरकोळ चकमकी. घोडी दमलेली होती, ती सावरू दिली. आलार्कोसला हाच राजा लेओन आणि नावाराच्या मदतीची वाट न बघता भिडला होता आणि मार खाल्ला होता. सतरा वर्षांनी तो थांबला. सोमवारी पहाटे पूजा-प्रार्थना करून फौज उतरली. नकाशावर तीन उभे पट्टे काढा, मधे कास्तिल, डावीकडे पेद्रोचे आरागॉनवाले, उजवीकडे सांचोचे नावारावाले आणि त्यांच्या मदतीला कास्तिलच्या शहरांचं पायदळ. आणि प्रत्येक पट्ट्याचे एकामागे एक थर. मधल्या पट्ट्यात पुढे दिएगो लोपेझ दे आरो, त्याच्यामागे गोन्साळो नुन्येझ दे लारा आणि लष्करी पंथ, आणि सगळ्यात मागे राजा आणि आर्चबिशप. समोर ओलिवारेस टेकडीवर खलिफाचा लाल तंबू, भोवती पक्का बंदोबस्त केलेलं निवडक पायदळ, पुढे उतारावर बाकीची फौज आणि सगळ्यात पुढे हलके लोक.

जमिनीचा चढ-उतार बघा. ख्रिश्चनांना मेसावरून खाली उतरायचं, मधल्या फुटक्या-तुटक्या, झाडझाडोऱ्याच्या जमिनीतून जायचं आणि मग चढावर भिडायचं. जड चिलखतातला घोडेस्वार उतारावर जसा दगडासारखा कोसळतो तसा चढावर नाही कोसळत, तिथे त्याचा जोर मरतो. अलमोहादांचा नेहमीचा डाव हाच, पुढचे हलके लोक मार खाल्ल्यासारखं करून मागे सरतात, समोरचा घोडदळाचा लोंढा धापा टाकत चढावर येतो, वरून बाण बरसतात आणि बगलेने हलकी घोडी फिरून घेरतात. दुपारकडे अगदी तसंच व्हायला लागलं होतं. पहिला थर अडकला, दुसरा त्यात मिसळला, काही शहरी तुकड्या माघारी वळल्या, मागून राजाला ते दिसलं आणि रोद्रिगोचा तो मरणाचा संवाद इथलाच आहे. फरक एवढाच पडला की बगला फुटल्या नाहीत, कारण आरागॉन आणि नावारा तिथे होते, आणि मागचा ताजा थर अजून वापरलेला नव्हता. तो राजाने आत्ता घातला, तिन्ही बाजूंनी एकदम. समोरच्या फौजेतले अंदालुसी याच सुमाराला मैदान सोडून गेले असं सांगतात. इब्न कादिसखाली ओढलेली रेघ आणि अल-मर्राकुशीची पगाराची तक्रार इथे आणून ठेवा, मग ही पळापळ नुसती भीती वाटत नाही. तंबूभोवतीची फळी फुटली आणि खलिफा निघाला. नेमक्या कुठल्या मिनिटाला काय झालं यावर भांडत बसू नका, घड्याळ कोणाकडेच नव्हतं, पण क्रम मात्र पेन्सिलने लिहा, साधनांत तो थोडा-थोडा वेगळा आहे.

विजयचिन्हांशी जपून वागा. नावाराच्या राजचिन्हातल्या साखळ्या म्हणजे सांचोने खलिफाच्या तंबूभोवतीच्या तोडलेल्या साखळ्या, असं सगळीकडे सांगतात, पण ही कथा बऱ्याच नंतर लिहिलेली सापडते. बुर्गोसच्या लास उएल्गास मठातलं ते अप्रतिम रेशमी निशाण, लढाईचं म्हणून प्रसिद्ध असलेलं, त्याचं कामसुद्धा अभ्यासक १२१२ च्या नंतरचं मानतात. बघायला जरूर बघा, पुरावा म्हणून वापरू नका.

आणि १७ जुलैला वही बंद करू नका, बहुतेक लोक इथेच उठतात. फौज पुढे गेली, विल्चेस, बान्योस, तोलोसा हे किल्ले घेतले, बाएझा रिकामं मिळालं, उबेदा लढून घेतलं आणि तिथे जीव वाचवायला जमलेल्या लोकांचं फार वाईट झालं, हजारो गुलाम म्हणून गेले. हेही त्याच ठळकपणे लिहा ज्या ठळकपणे विजय लिहिलात. मग छावणीत रोगराई पसरली आणि सगळे परतले. १२१३ मध्ये कास्तिलमध्ये भयंकर दुष्काळ, बाएझाला पुन्हा घातलेला वेढा फसला, १२१४ मध्ये अलमोहादांशी तह करावा लागला आणि त्याच साली आल्फोन्सो वारला. अल-नासिर १२१३ मध्येच मरण पावला होता. म्हणजे दोन वर्षांत तिन्ही मोठी नावं, अल-नासिर, पेद्रो, आल्फोन्सो, संपली.

म्हणून १२१२ पासून बाण काढून थेट १४९२ च्या ग्रानाडाला, म्हणजे स्पेनमधलं शेवटचं मुस्लिम राज्य पडलं त्या घटनेला, जोडू नका. मधे बरंच काही आहे. अल-नासिरनंतर त्याचा पोरवयातला मुलगा गादीवर आला, तो १२२४ मध्ये वारस न ठेवता मेला आणि अलमोहाद घराण्यात भाऊबंदकी पेटली. १२३० मध्ये कास्तिल आणि लेओन एका राजाखाली आले, फेर्नांदो तिसऱ्याच्या, आणि मग कोर्दोबा १२३६, हाएन १२४६, सेव्हिल १२४८. १२१२ ने लगेच काय बदललं ते तुमच्या किल्ल्यांच्या तक्त्यात बघा. १२११ ची आणि १२१४ ची ओळ शेजारी शेजारी ठेवा, ग्वादियानाकाठचे किल्ले परत आलेत आणि त्याशिवाय सिएरा मोरेनाच्या दक्षिण उतारावरचे तीन-चार नवीन आलेत. एवढंच, पण घाटाची किल्ली आता उत्तरेकडे आली होती आणि पुढच्या प्रत्येक मोहिमेला ती उपयोगी पडली.

हे सगळं झाल्यावर दुसरी लढाई घ्यायची असेल तर लांब जाऊ नका, ११९५ ची आलार्कोस घ्या. तोच राजा, तोच दिएगो लोपेझ, तोच डाव आणि निकाल उलटा. तक्ता अर्धा तयार आहे, नकाशा तयार आहे, फक्त आले आणि आले नाहीत हे दोन कॉलम नव्याने भरा आणि मागचा ताजा थर त्या दिवशी कोणाकडे शिल्लक होता ते शोधा.